नाशिक ढोलाची स्वतःची सॅम्पल लायब्ररी कशी करावी

सिनेमात युद्धाचा प्रसंग आला की बहुतेक संगीतकार जपानी ताइको ढोलाचे तयार सॅम्पल, म्हणजे कीबोर्डवरून वाजवता येणारे रेकॉर्ड केलेले सुटे ठोके, उघडतात. नाशिकात राहून असं करणं म्हणजे काखेत कळसा अन् गावाला वळसा.

१. जागा. आवाजाचा भव्यपणा निम्मा तरी हॉलचा असतो. लग्नाच्या तारखा नसताना मंगल कार्यालय मिळतंय का बघा, नाहीतर द्राक्षांचा हंगाम आटोपल्यावर पिंपळगाव बसवंतकडचं एखादं रिकामं पॅक हाऊस, म्हणजे द्राक्षं पॅक करायची शेड. टाळी वाजवा, गुंज दीड-दोन सेकंद राहिली की काम झालं. पत्र्याचं छत असेल तर पावसाळ्यात तिकडे फिरकू नका.

२. माइक. ढोलाला तोंडं दोन, म्हणून जवळचे माइकही दोन. एकाची फेज (ध्वनिलहरीची वर-खाली दिशा) उलटी करून बघा, ज्यात खर्ज भरीव लागेल ती ठेवा. चार-पाच मीटरवर माइकांची स्टिरिओ जोडी लावा. रेकॉर्डिंगला २४ बिट, ४८ किलोहर्ट्झ पुरे; आवाज सप्तकभर खाली उतरवायचा असेल तर ९६. सगळ्यात जोरदार ठोका उणे ६ डेसिबलच्या वर जाऊ देऊ नका.

३. वादन. खरी कसोटी इथे आहे. मिरवणुकीत वाजवणाऱ्या हाताला हळू वाजवायला सांगणं महाकठीण! ‘दादा, टिपरू वीतभरच उचला,’ असं सांगितलं की जमतं. हळू ते जोरदार अशा चार पायऱ्या, प्रत्येकीचे सहा ठोके घ्या. एकच ठोका पुन्हापुन्हा आला तर मशीन वाजतंय हे लगेच कळतं. गुंज पूर्ण विरेपर्यंत कुणी चप्पलसुद्धा हलवायची नाही. मग ताशाची तर्री, म्हणजे सलग जलद ठोके, हळूहळू चढत जाणारी.

शेवटी सहा-आठ ढोल एकत्र घ्या. एकाच ढोलाच्या आठ प्रती लावल्या तर आवाज फक्त वाढतो. आठ माणसांचे ठोके किंचित पुढेमागे पडतात, म्हणून पथक मोठं वाटतं.

४. कापणी. सगळ्या माइकांचे ट्रॅक एकाच जागी कापा, वेगवेगळे कापलेत तर फेज बिघडते. फाइलच्या नावात वाद्य, जोर आणि ठोक्याचा क्रमांक हवा. कापलेले ठोके कीबोर्डवरून वाजवायला डिसेंट सॅम्पलर किंवा स्फोर्झांडो हे मोफत प्लेअर पुरेसे आहेत.

५. लायब्ररी विकणार असाल तर वादकांची लेखी परवानगी आणि मानधनाचा आकडा रेकॉर्डिंगच्या आधीच ठरवा.