तळ्यातलं रानटी निळं कमळ कसं ओळखायचं आणि नीट कसं बघायचं

तळ्यात निळसर-पांढरी फुलं दिसली की आपण सरसकट "कमळं फुललीत" म्हणतो. पण त्यातली बरीचशी कमळं नसतातच, ती वॉटर लिली असते, म्हणजे आपलं कुमुद. त्यातलं मला सगळ्यात आवडतं ते उपल्या कमळ, नीलकमळही म्हणतात, शास्त्रीय नाव निंफिया नौचाली. हे कुणी लावलेलं नसतं, शांत उथळ पाणी आणि खाली चिखल मिळाला की आपलं आपण वाढतं.

ओळखायचं असेल तर फुलाकडे आधी बघूच नका, पान बघा. खऱ्या कमळाचं पान अख्खं गोल, देठ बरोबर मधोमध चिकटलेला, आणि मोठी पानं पाण्याच्या वर छत्रीसारखी उभी. कुमुदाचं पान पाण्यावर सपाट पसरलेलं आणि त्याला देठापासून कडेपर्यंत एक चीर असते, जणू कुणी कात्रीने कापलंय. कमळाचीही कोवळी पानं सुरुवातीला पाण्यावर तरंगतात म्हणून "तरंगतंय म्हणजे कुमुद" असं धरू नका, चीर आहे का तेवढं बघा, तिथे चूक होत नाही.

आता कुमुदातही दोन प्रकार आपल्याकडे नेहमी दिसतात. उपल्या दिवसा उमलतं, दुपारनंतर मिटायला लागतं. दुसरं रात्री उमलणारं, निंफिया प्युबेसेन्स, सकाळी ऊन चढलं की ते मिटतं, पानाची कड दातेरी असते आणि पान खालून लवदार. म्हणून सकाळी लवकर जा आणि ऊन वर येईपर्यंत तिथेच थांबा, एक मिटताना आणि दुसरं उमलताना एकाच फेरीत बघायला मिळू शकतं. दुपारी जाऊन "फुलंच नव्हती" म्हणणारे खूप जण भेटतात, फुलं असतात हो, मिटलेली असतात.

आणि कासच्या कुमुदिनी तळ्यातली ती छोटी पांढरी फुलं? ती या कुळातली नाहीतच. ती निंफॉइडिस इंडिका, पाकळ्यांवर कापसासारखी झालर आणि मध्ये पिवळा ठिपका. कुमुदिनी नाव तिला छान शोभतं, पण पाणी तेच असलं तरी घराणं वेगळं.

फूल बघताना दुर्बीण नाहीतर मोबाईलचा झूम वापरा आणि फुलाच्या मध्यात डोकवा. उपल्याचं फूल तीन-चार दिवस रोज उघडतं-मिटतं, पण पहिला दिवस वेगळा असतो. त्या दिवशी मधल्या वाटीत पातळ रस भरलेला असतो, पुंकेसर अजून फुटलेले नसतात, दुसऱ्या फुलाचे पराग अंगावर घेऊन आलेला किडा त्या रसात घसरला की पराग तिथेच धुतले जातात. मी एकदा अशा वाटीत एक बारकी माशी बुडालेली पाहिली होती, पंख पसरून, आणि तोपर्यंत मला हे फूल नुसतं "सुंदर" वाटायचं. दुसऱ्या दिवसापासून रस नसतो, पुंकेसर मोकळे होतात, आता तेच फूल पराग वाटतं. म्हणून शक्य असेल तर एकच फूल हेरून ठेवा आणि लागोपाठ दोन-तीन दिवस जाऊन बघा, एका दिवसात शंभर फुलांचे फोटो काढण्यापेक्षा यात जास्त कळतं.

फुलं संपली की देठ खाली वळतो आणि फळ पाण्याखाली पिकतं. बियांना स्पंजासारखं वेष्टण असतं त्यामुळे त्या थोडा वेळ तरंगत लांब जातात, मग वेष्टण कुजतं आणि बी तळाशी बसते. उन्हाळ्यात तळं आटलं तरी कंद चिखलात दबून राहतो आणि पाऊस आला की परत पानं येतात. त्यामुळे कोरडं तळं बघून "इथे आता काही नाही" म्हणून त्यात भराव टाकला किंवा गाळ खरवडून काढला की कंदही गेले आणि बियाही गेल्या.

पाण्यात उतरू नका, प्लीज. एक तर देठांचं जाळं पायात अडकतं आणि चिखल किती खोल आहे ते वरून कळत नाही, दुसरं म्हणजे कमळपक्षी या पानांवरच चालतो आणि घरटंही तरंगत्या झाडोऱ्यावरच करतो, अंडी नर उबवतो. तो ओरडायला लागला की काठावरूनही मागे व्हा.

घरी लावायची हौस असेल तर नर्सरीतून रोप घ्या, तळ्यातला कंद उपटू नका. आणि उलटंही करू नका, टबातलं हायब्रीड वाढलं म्हणून तळ्यात नेऊन सोडायचं नाही, जलपर्णीही अशीच कधीतरी शोभेसाठी आणलेली होती आणि आता किती तळ्यांत तिच्याखाली पाणीच दिसत नाही.