फांदीवालं पोवळं ओळखायचंय? आधी टोक बघा

अंदमानचे फोटो दाखवले की घरात पहिला प्रश्न ठरलेला असतो, हे अंगठीत घालतात तेच पोवळं का गं? तर नाही. मंगळासाठी घालतात ते लाल पोवळं मुख्यतः भूमध्य समुद्रातलं आणि वेगळ्याच घराण्यातलं, त्याच्या प्रत्येक इवल्या जीवाला आठ स्पर्शक असतात. आपण बघतो ती दगडी पोवळी, म्हणजे चुन्याचा सांगाडा बांधणारी, त्यांचे स्पर्शक सहाच्या पटीत. मालवणला स्नॉर्कल केलं असेल तर त्यातली गोलसर, धोंड्यासारखी दिसणारी बघितली असतील. अंदमान आणि लक्षद्वीपला मात्र सांबराच्या शिंगांसारखं फांद्याफांद्यांचं रान दिसतं, ते बहुतेक वेळा ॲक्रोपोरा, म्हणजे दगडी पोवळ्यांतलाच एक फांदीवाला गट.

बहुतेक वेळा म्हणतेय कारण सगळे इथेच फसतात, फांद्या दिसल्या की ॲक्रोपोरा म्हणून मोकळे. रंगावर तर अजिबात जाऊ नका, एकच जात तपकिरी, मळकट पिवळी, निळसर कशीही दिसते आणि आकारसुद्धा लाटा आणि उजेडाप्रमाणे बदलतो.

बघायचं ते फांदीचं टोक. अगदी शेंड्यावर मधोमध एकच गोल नळी दिसली, साधारण दोन-तीन मिलिमीटरची, तोंडाला भोक असलेली, आणि खाली फांदीभर चारी बाजूंनी लहान लहान नळ्या, तर ते ॲक्रोपोरा. शेंड्यावरच्या नळीतला जीव सरळ पुढे वाढत राहतो आणि त्याच्याच अंगाला बाजूचे जीव फुटत जातात, म्हणून ही फांदी इतकी भराभर लांबते. चांगल्या जागी वर्षाला 10 सेंमीच्या आसपास, तर धोंड्यासारखं पोराइट्स वर्षाकाठी जेमतेम 1 सेंमी. शेंडा पांढुरका किंवा फिकट जांभळा असेल तर घाबरू नका, तो आजार नाही, पोवळ्याच्या पेशींत राहून त्याला रंग देणारं सूक्ष्म शेवाळ नव्या वाढीत अजून पुरेसं भरलेलं नसतं.

आता सारखी दिसणारी मंडळी. पोसिलोपोराच्या फांद्या फ्लॉवरच्या गड्ड्यासारख्या जाडजूड, अंगभर मुरमांसारखे उंचवटे आणि शेंड्यावर वेगळी नळी नाहीच. सेरियाटोपोरा बारीक, टोकं सुईसारखी, भोकं ओळीने. पोराइट्सचाही एक बोटांसारखा प्रकार असतो पण तो जवळून गुळगुळीत वाटतो. आणि मिलेपोरा, ज्याला सगळे फायर कोरल म्हणतात, ते दगडी पोवळंच नाही, नळ्या नाहीत, नुसता गुळगुळीत पृष्ठभाग आणि टोकं पांढरी, त्याला हात लागला तर चांगलंच भाजल्यासारखं होतं, म्हणून ओळख पटत नसेल तर मुळीच शिवू नका (पटली तरी नाहीच शिवायचं).

जातीपर्यंत जायचं असेल तर मात्र दमाने घ्या. हिंदी महासागरात बोटाएवढ्या जाड, मोकळ्या फांद्यांचं जे रान दिसतं ते पुष्कळदा ॲक्रोपोरा म्युरिकाटा असतं, जुन्या पुस्तकांत हेच ॲक्रोपोरा फॉर्मोसा नावाने सापडेल. पण खात्रीने जात सांगायला सांगाडा भिंगाखाली लागतो, नुसत्या फोटोवरून कोणी छातीठोक नाव सांगत असेल तर मी तरी विश्वास ठेवत नाही. नुसतं ॲक्रोपोरा लिहिलं तरी नोंद पक्की असते.

ओळखल्यावर तब्येतही बघा. अख्खी फांदी पांढरीशुभ्र पण काचेसारखी झिलई आहे, बारकाईने बघितलं की नळ्यांत जीव दिसतोय, तर ते ब्लीच झालंय, म्हणजे पाणी तापल्याने आतलं शेवाळ निघून गेलंय, मेलेलं नाही, पाणी लवकर निवलं तर सावरू शकतं. त्यावर हिरवट-तपकिरी लव चढली की संपलं. अंदमानात 2010 च्या उन्हाळ्यात समुद्र तापला तेव्हा अशी रानंच्या रानं पांढरी पडली होती आणि फांदीवाली पोवळी यात सगळ्यात आधी जातात.

अंदमानातल्या शहीद द्वीपला (पूर्वीचं नील बेट) ओहोटीच्या वेळी गुडघाभर पाण्यात माझ्या शेजारचा एकजण फोटोसाठी फांदीवर उभा राहिला, कप फुटावा तसा आवाज आला. पाचेक वर्षांची वाढ गेली एका क्षणात. तुटलेला तुकडा खडकात घट्ट अडकला तर पुन्हा वाढू शकतो, वाळूत लोळत राहिला तर बहुधा मरतो. आणि किनाऱ्यावर पडलेला मेलेला तुकडासुद्धा उचलायचा नाही, सगळी दगडी पोवळी 2001 पासून वन्यजीव कायद्याच्या पहिल्या परिशिष्टात आहेत.

फोटो दोन काढा, एक लांबून अख्ख्या झुडपाचा, एक शेंड्याचा जवळून, नळी दिसेल असा. घाई केली तर फांद्यांवर तरंगणारे छोटे हिरवे क्रोमिस मासे एकदम आत घुसतात, वाळू उडते आणि काहीच दिसत नाही. तरंगत राहा, फिन हलवू नका, दोन-तीन मिनिटांत एकेक करून परत वर येतात, तेव्हा शेंड्यावर फोकस करा.