मनाप्रमाणे बदलणारा घाट लिहिताय? या चुका टाळा

प्रवाशाच्या मनात जे चाललंय त्याप्रमाणे वाट बदलते, ही कल्पना सातारा-सांगलीकडच्या लेखकाला आयती मिळते. देशावरून कोकणात उतरणारे घाट आहेत, बैलांचे तांडे आहेत, खाली जाणारा गूळ-हळद आणि वर येणारं मीठ-नारळ आहे. तरीही अशा कथा तिसऱ्या-चौथ्या प्रकरणात अडकतात, आणि कारण बहुतेक वेळा एकच असतं: वाटेला मन दिलेलं असतं, पण तिच्यावरून जाणाऱ्या मालाला वजन दिलेलं नसतं. खाली उदाहरणासाठी कराड–पाटण–हेळवाक–कुंभार्ली घाट–चिपळूण ही वाट धरली आहे.

नियम मोघम ठेवणं

‘वाट भावना ओळखते’ हा नियम नव्हे. दोनच भावना घ्या आणि प्रत्येकीला एकच ठोस परिणाम द्या. भीती वाटली की वळणं वाढतात, घाई झाली की चढ वाढतो, बस. मग तीन गोष्टी वहीत लिहून ठेवा: परिणाम किती, तो किती वेळ टिकतो आणि कशाने उतरतो. शेवटची गोष्ट बहुतेक जण विसरतात. भीतीने वळण वाढलं की उशीर होतो, उशिराने अंधार पडतो आणि अंधारात भीती आणखी वाढते. या फेऱ्याला आळा नसेल तर तांडा चिपळूणला कधीच पोचणार नाही, आणि लेखकाला मग कुठूनतरी साधुपुरुष आणावा लागतो. साधा उपाय म्हणजे प्रत्येक पाणवठ्यावर परिणाम शून्यावर येऊ द्या, किंवा अंतर जास्तीत जास्त दीडपट होईल अशी मर्यादा घाला.

भावना कुणाची, हे न ठरवणं

तांड्यात तीस माणसं आणि पन्नास बैल आहेत. वाट सगळ्यांची सरासरी धरते का? मग एकट्याच्या मनाला किंमत उरत नाही. सगळ्यात तीव्र भावना धरते? मग एक घाबरलेलं पोर सगळ्यांना अडवून धरेल, जे एका प्रसंगापुरतं चांगलं, कादंबरीभर नाही. सर्वांत चालणारी तोड म्हणजे पुढच्या बैलाची वेसण ज्याच्या हातात, त्याचंच मन वाटेला कळतं. यातून आपोआप एक धंदा उभा राहतो: शांत डोक्याच्या गड्याला जास्त मजुरी, आणि त्याच्या घरी काय चाललंय यावर अख्ख्या पेठेचा डोळा.

हिशेब सोडून देणं

इथे घाई करू नका, सगळी गंमत इथेच आहे. गोण लादलेला बैल साधारण शंभर-सव्वाशे किलो ओझं नेतो आणि चरत-थांबत दिवसाला दहा-बारा किलोमीटर चालतो. कराड ते चिपळूण सुमारे शंभर किलोमीटर, म्हणजे आठ ते दहा दिवस. भीतीने अंतर पावपट वाढलं तर दोन दिवस जादा: पन्नास बैलांचं दोन दिवसांचं वैरण-पाणी, गड्यांची दोन दिवसांची मजुरी. हा खर्च हळद सोसते, कारण त्याच वजनाला तिचा भाव जास्त. मीठ सोसत नाही. म्हणजे वाट भित्री झाली की आधी मिठाचा व्यापार बसतो आणि पाटण खोऱ्यातल्या गरिबाच्या भाकरीतलं मीठ महागतं. ‘घाटावर भीतीचं सावट होतं’ या वाक्यापेक्षा हे कितीतरी जास्त सांगून जातं.

परिणाम निवडतानाही माल बघा. दुःखाने धुकं दाटतं असं ठरवलं, तर ओलाव्याने गुळाच्या ढेपा पाझरतील, मिठाला पाणी सुटेल, हळकुंडांना बुरशी धरेल. तिन्हींचं नुकसान वेगवेगळं दिसलं पाहिजे.

साठवण विसरू नका. सांगलीजवळ हरिपूरला हळद ठेवायची जमिनीखालची पेवं प्रसिद्ध आहेत. आत हवा खेळत नाही, त्यामुळे कीड टिकत नाही आणि हळद वर्षानुवर्षं राहते. ज्याचं पेव आहे तो मन थाऱ्यावर येईपर्यंत थांबू शकतो. ज्याचं नाही, त्याला घरात सुतक असलं तरी निघावं लागतं, आणि दुःखाची वाट त्याच्याच वाट्याला येते.

आता मुदतीची हुंडी, म्हणजे ठरल्या दिवशी पैसे देण्याची चिठ्ठी घ्या. दहाव्या दिवशी चिपळुणात पैसे भरायचे आहेत. मालक स्वतः वेसण धरून निघाला की मुदतीची घाई, घाईने चढ, चढाने बैल बसतात आणि मुदत टळते. म्हणून शहाणा व्यापारी मुदत ठाऊक नसलेला गडी पाठवतो. सहाव्या मुक्कामावर कुणीतरी त्या गड्याला तारीख सांगून टाकली, की राक्षस न आणताही कथानक उभं राहतं.

पावसाला जादू समजू देणं

सातारा जिल्ह्यातच महाबळेश्वरला वर्षाला पाच हजार मिलिमीटरच्या वर पाऊस पडतो आणि माण तालुक्यात पाचशेच्या आसपास. त्यामुळे घाटात धुकं, निसरडं आणि दरड या रोजच्या गोष्टी. वाट मनामुळे बदलली की पावसामुळे, हे वाचकाला कळत नसेल तर तांडा दसऱ्यानंतर काढा आणि आधी एक शांत फेरी दाखवा. पुढचा प्रत्येक बदल तिच्याशी ताडून बघता येतो.

नकाशा आणि काळ

कुंभार्ली चिपळूणकडे उतरतो, महाडकडे नाही. पार घाट प्रतापगडाजवळून पोलादपूरच्या बाजूला जातो. कोयना धरणाचा शिवसागर जलाशय १९६०च्या दशकातला, त्यामुळे जुन्या काळच्या कथेत तो नको. सांगली संस्थान मिरजेपासून १८०१ मध्ये वेगळं झालं. शिवकाळात पेठ दाखवायची तर मिरज, कराड किंवा वाई घ्या.

लमाणांना जादूगार करणं

लमाण म्हणजे बैलांच्या तांड्यांवर माल वाहणारे भटके लोक. या तांडेवाल्यांना गूढ ‘वाटेची भाषा जाणणारे’ बनवण्याचा मोह होतो. हे टाळाच. ते वाहतुकीत मुरलेले व्यावसायिक होते आणि त्यांच्यात नायकाच्या, म्हणजे तांड्याच्या प्रमुखाच्या, शब्दाला वजन असे. इंग्रजांनी १८७१च्या कायद्याने अनेक भटक्या जमातींवर जन्मजात गुन्हेगारीचा शिक्का मारला. काल्पनिक जगात तोच शिक्का उलटा करून ‘दैवी’ म्हणून मारणं फारसं वेगळं नाही. वाटेचं ज्ञान द्यायचंच तर अनुभवातून द्या: कोणत्या वळणावर बैल बुजतो, भांडण कुठे मिटवून पुढे निघायचं, चढाआधी कुणाला बोलतं ठेवायचं.

शेवटी एक तपासणी. हस्तलिखितातली भावनांची नावं देणारी वाक्यं पेन्सिलने खोडा आणि नुसत्या मुक्कामांच्या तारखा, वैरणीचा खर्च व पोचलेल्या मालाचं वजन वाचत जा. कोण कुठे घाबरलं, कुणाला घाई होती, हे तेवढ्यावरून ओळखू येत नसेल, तर तिसऱ्या प्रकरणापासून पुन्हा लिहायला घ्या.