काल्पनिक जगासाठी दर्शन रचताय? या चुका टाळा

माझ्या अर्धवट पडलेल्या अद्भुत कादंबरीत एक नदी आहे. वर्षातले सहा महिने ती समुद्राकडून डोंगराकडे वाहते. तिच्या काठी मी एक दर्शन, म्हणजे तत्त्वज्ञानाचं मत, वसवलं, फलपूर्ववाद: फळ आधी घडतं, त्याचं कारण मागाहून येतं. खर्डा वाचून मैत्रिणीने एकच विचारलं, "मग ही माणसं उसनं कसं देतात-घेतात?" मला उत्तर सुचेना. पुढची दुरुस्ती त्या प्रश्नापासून सुरू झाली.

सुविचारांची माळ म्हणजे दर्शन नव्हे

माझ्या पहिल्या खर्ड्यात पारावर बसलेला एक पांढरी दाढीवाला म्हातारा होता. तो नदी, वारा आणि मौन यांवर गूढ वाक्यं टाकायचा. सकाळी व्हॉट्सॲपवर येतात ना, तसली. त्याच्याशी भांडावं असं कोणालाच वाटत नव्हतं, आणि दुखणं नेमकं तेच होतं.

दर्शनाच्या बुडाशी अडलेला प्रश्न लागतो. आपल्याकडचा एक जुना प्रश्न घ्या: मडकं घडण्याआधी ते मातीत होतं का? सांख्य हे जुनं दर्शन मानणारे म्हणतात, होतं. म्हणून तर तेल तिळातून निघतं, वाळूतून नाही. न्याय-वैशेषिक या दर्शनांचे लोक म्हणतात, नव्हतं; असतं तर कुंभाराचं काम काय उरलं? मी माझ्या लोकांना या भांडणात ढकललं. ते म्हणाले, मडकंच कुंभाराला बोलावून घेतं. त्यांच्याजवळ बोलण्यासारखं काहीतरी पहिल्यांदाच आलं.

विरोधक बावळट ठेवू नका

आपल्या शास्त्रग्रंथांत पूर्वपक्ष मांडायची रीत आहे: आधी समोरच्याचं म्हणणं, मग त्याचं खंडन. चार्वाक, म्हणजे परलोक न मानणारे जडवादी, यांच्याबद्दल आपल्याला जे ठाऊक आहे ते बहुतेक विरोधकांच्याच लिखाणातून. चौदाव्या शतकातल्या माधवाचार्यांच्या 'सर्वदर्शनसंग्रहा'त पहिलं प्रकरण चार्वाकांचंच आहे, आणि ते वाचताना आजही कोणी हळूच चार्वाकाच्या बाजूला सरकतो. तुमच्या पूर्वपक्षाने वाचकाला असं थोडं फितवलं पाहिजे.

त्याच झटक्यात हेही ठरवून टाका, की तुमचे लोक खरं कशाला मानतात, म्हणजे त्यांची प्रमाणं, खरं ज्ञान मिळवायची साधनं, कोणती. चार्वाकांना एक प्रत्यक्ष, म्हणजे इंद्रियांनी कळलेलं, पुरे; बौद्ध तर्कपंडित दिङ्नागाच्या परंपरेतले बौद्ध 2 प्रमाणं मानतात, सांख्य 3, नैयायिक (न्याय दर्शनाचे) 4, कुमारिल भट्टाच्या वाटेने जाणारे भाट्ट मीमांसक 6. माझ्या नदीकाठच्यांना मी 'चाहूल' हे प्रमाण दिलं. कारण पुढून येत असेल, तर आठवणीपेक्षा चाहुलीवर भरवसा ठेवायला हवा. लगेच विरोधकाने विचारलं, "खोटी चाहूल ओळखायची कशी?" या सवालाने मला दोन आठवडे लटकवलं. कादंबरीतलं सगळ्यात बरं प्रकरण त्यातूनच निघालं.

मत चुलीपर्यंत पोचलं का?

सर्वाधिक खर्डे इथे आपटतात. पात्रं मठात एक बोलतात आणि बाजारात तुमच्या-माझ्यासारखी वागतात. जैनांकडे बघा. जीव सर्वत्र आहे, एवढं एकदा धरलं की कांदा-बटाटा ताटातून जातो, जेवण सूर्यास्ताआधी उरकतं आणि पावसाळ्यात पायाखाली जीव चिरडू नयेत म्हणून साधू-साध्वी चार महिने एका जागी थांबतात. भाजीवाल्यापासून प्रवासाच्या वेळापत्रकापर्यंत एकच धागा जातो.

तर उसनवारीचं उत्तर असं निघालं: माझ्या नगरात आधी फेडायचं, मग घ्यायचं. वर्षभर हप्ते भरले की शेवटी रक्कम हातात. हे लिहून झाल्यावर लक्षात आलं, की शेवटचा नंबर लागलेल्याची ही आपली भिशीच! पण मी ते ठेवलं. मग माफी भांडणाआधी आली, आणि शिक्षा गुन्ह्याआधी. इथे मात्र मत नासायला लागलं, कारण श्रीमंत घरं शिक्षा आगाऊ भोगून ठेवू लागली, तीसुद्धा नोकराला पाठवून. असं नासणं हवंच. ज्या मताचा कोणी गैरफायदा घेऊ शकत नाही, ते अजून कागदावरच आहे.

सगळे एकाच भाषेत बोलतात

महानुभाव पंथाच्या 'स्मृतिस्थळ' या जुन्या मराठी ग्रंथात पंथाचे आचार्य नागदेवाचार्य आपल्या शिष्याला, केशवदासांना, संस्कृतात लिहू नको म्हणतात. त्याने माझ्या म्हाताऱ्या नागवल्या जातील, म्हणजे पंथातल्या साध्या बायका ज्ञानाला मुकतील, असं आचार्यांचं म्हणणं. पुढे याच पंथाने आपल्या मराठी पोथ्या सांकेतिक लिप्यांत लिहिल्या, परक्याला वाचता येऊ नयेत म्हणून. दार कोणासाठी उघडं आणि कोणासाठी बंद, हे भाषा आणि लिपी ठरवतात. माझ्या खर्ड्यात नावाडणी आणि आचार्य दोघंही तत्सम शब्दांत बोलत होते.

नावाचंही तसंच. 'हीनयान', म्हणजे हलका मार्ग, हे नाव त्या बौद्धांनी स्वतः घेतलेलं नव्हतं, ते विरोधकांनी चिकटवलं. म्हणून 'फलपूर्ववाद' हा शब्द मी आता विरोधी पंडिताच्या तोंडी दिलाय. नावाडणी आपल्या मताला 'उलटं पाणी' म्हणतात, आणि उतारूकडून भाडं पलीकडच्या काठावर घेतात: तो पोचला, तेव्हाच तो निघाला होता हे ठरतं.