माजी सैनिकाची मुलाखत एडिट करताना

मराठा लाइट इन्फन्ट्रीचं रेजिमेंटल सेंटर बेळगावात, त्यामुळे खानापूर-निपाणीकडच्या नवख्या एडिटरला पहिलं काम बहुधा घराजवळच मिळतं.

मुलाखत आधी पूर्ण ऐका, टाइमकोडसह (कोणतं वाक्य कितव्या मिनिट-सेकंदाला) उतरवा. मराठी, कन्नड, फौजी हिंदी एकाच वाक्यात येईल. 'शुद्ध' करायच्या भानगडीत पडू नका. साथीदाराचं नाव घेण्याआधीची चार सेकंदांची शांतता कापलीत तर हातात नुसती माहिती उरते. रिकाम्या खोलीचा आवाज 30 सेकंद वेगळा रेकॉर्ड करा आणि जोडांखाली घाला, नाहीतर प्रत्येक जोडावर पंख्याची घरघर तुटते.

एक किलोमीटरवरच्या स्फोटाचा आवाज सुमारे 3 सेकंदांनी पोचतो: सेकंदाला 25 फ्रेमच्या टाइमलाइनवर चित्रानंतर 75 फ्रेम उशिरा. (सिनेमावाले एकदमच वाजवतात, ते सोडा.) 1971 च्या आठवणीवर कारगिलचं फुटेज चिकटवू नका, आजोबा रायफल बघूनच पकडतील.