ज्युनिअर आइस हॉकीची रेडिओ कॉमेंट्री करताय? या चुका टाळा

कॅनडाच्या ज्युनिअर आइस हॉकी लीगमध्ये खेळणारी मुलं साधारण 16 ते 20 वर्षांची असतात. बरीचशी घरापासून शेकडो किलोमीटर लांब, परक्या कुटुंबात राहून खेळतात. त्यामुळे कॉमेंट्रीला कान लावून बसलेल्यांत त्यांचे आईवडील हमखास असतात. नवखा कॉमेंटेटर हे विसरतो, आणि बहुतेक चुका तिथूनच सुरू होतात.

सगळ्यात मोठी चूक म्हणजे पक (चेंडूच्या जागी असलेली रबरी चकती) कुठे आहे ते न सांगणं. "वा, काय पास! जबरदस्त संधी!" यातून ऐकणाऱ्याला काहीच दिसत नाही. रिंक, म्हणजे बर्फाचं मैदान, 200 फूट लांब, 85 फूट रुंद. त्यातली जागा सांगा (ब्लू लाइन म्हणजे रिंकचे तीन भाग करणाऱ्या दोन निळ्या रेषांपैकी एक, गोली म्हणजे गोलरक्षक): "डाव्या कोपऱ्यातून पास मागे ब्लू लाइनवर, तिथून फटका, गोलीनं पॅडवर अडवला, पक अजून समोरच!" विशेषण एकही नाही, तरी पोटात गोळा येतो. कुठला संघ डावीकडून उजवीकडे खेळतोय, जर्सी कुठल्या रंगाची, हे प्रत्येक पिरियडच्या, म्हणजे सामन्याच्या तीन भागांपैकी प्रत्येकाच्या, सुरुवातीला सांगा.

स्कोअर सांगायचा राहून जातो? बेसबॉलचे नामवंत कॉमेंटेटर रेड बार्बर समोर तीन मिनिटांचं वाळूचं घड्याळ ठेवायचे. वाळू संपली की स्कोअर सांगायचा. हा उपाय हॉकीलाही तंतोतंत लागू पडतो.

नावांच्या बाबतीत हयगय नको. फ्रेंच बोलणाऱ्या क्युबेक प्रांतात तर स्पेलिंगवर जाऊच नका. प्रसिद्ध गोली पात्रिक रुआचं (Roy) आडनाव इंग्रजी सवयीनं वाचलं तर 'रॉय' होतं. पाहुण्या संघाच्या कॉमेंटेटरबरोबर यादी तपासा, शंका असेल तर सरावाच्या वेळी त्या मुलालाच विचारा. मराठी येणाऱ्यानं उच्चार देवनागरीत लिहून ठेवावेत, ऐन वेळी फार उपयोग होतो.

गोल खाल्ला तर तो कसा झाला ते सांगा. सतरा वर्षांच्या पोराबद्दल 'याला जमतच नाही' हे वाक्य माइकवर येता कामा नये. कोणी बर्फावर पडून राहिला तर दुखापतीचा अंदाज अजिबात बांधू नका. हालचाल आहे का, उठला का, कोणाच्या आधारानं बाहेर गेला, दिसतं तेवढंच बोला. घरी बसलेल्या आईला त्या क्षणी तुमच्या शब्दांपलीकडे काहीच कळत नसतं.

पहिल्याच पिरियडमध्ये आवाज टिपेला नेलात तर तिसऱ्यातल्या निर्णायक गोलाला काही उरत नाही.

नोकरीचं म्हणाल, तर नुसती कॉमेंट्री करणारा माणूस छोट्या क्लबला सहसा परवडत नाही. प्रेस नोट, सोशल मीडिया, मुलाखती, कधी जाहिराती मिळवणं, हे सगळं अंगावर येतं. वेस्टर्न हॉकी लीगमध्ये (कॅनडाच्या प्रमुख ज्युनिअर लीगपैकी एक) प्रत्येक संघाचे हंगामात 68 सामने, आणि प्रवास बहुतेक बसनं. याची तयारी नसेल तर अर्ज करण्याआधीच विचार करा.

अर्जासोबत फक्त गोलांच्या आरडाओरड्याचं रेकॉर्डिंग जोडणं ही आणखी एक नेहमीची चूक. त्याऐवजी एकही गोल नसलेली सलग पाच मिनिटं द्या. ती फेसऑफपासून (पंच पक टाकून खेळ सुरू करतो तिथून) सुरू करा, आणि पहिल्या अर्ध्या मिनिटात संघ, स्कोअर आणि उरलेला वेळ ऐकू आलाच पाहिजे.