धडधड थांबली म्हणून गोळी बंद? एएफमध्ये या चुका टाळा

दादरचा पूल चढताना छातीत धडधडतं, घरी पोहोचेपर्यंत थांबतं आणि ‘गॅस झाला असेल’ म्हणून विषय मिटतो. साठी उलटलेल्यांनी तो इतक्यात मिटवू नये. हा एएफ, म्हणजे एट्रियल फिब्रिलेशन हा हृदयाचे ठोके बिघडण्याचा आजार, असू शकतो.

अलिंदं म्हणजे हृदयाचे वरचे दोन कप्पे. उजव्यात शरीरभरातलं रक्त येतं, डाव्यात फुफ्फुसांतलं. खालच्या निलयांत बहुतेक रक्त आपोआप उतरतं. उरलेला पाचवा-चौथा हिस्सा अलिंदं आकुंचन पावून ढकलतात. त्यामुळे ती आकुंचनाऐवजी नुसती थरथरू लागली, म्हणजे एएफ झाला, तरी माणूस चालता-बोलता असतो. गोची पुढे आहे. डाव्या अलिंदाला एक छोटी पिशवी असते. तिथे रक्त साकळून गुठळी होते आणि ती मेंदूत गेली की पक्षाघात. एएफमध्ये हा धोका सुमारे पाचपट.

म्हणून धडधड थांबली की रक्त पातळ करणारी गोळी परस्पर बंद करणं ही सगळ्यात महागात पडणारी चूक. थरथर येते-जाते, कित्येकांना जाणवतही नाही. त्या गोळीऐवजी ॲस्पिरिन चालत नाही. एक ईसीजी नॉर्मल आला म्हणूनही निर्धास्त होऊ नका, त्यात जेमतेम 10 सेकंदांचे ठोके दिसतात. डॉक्टरांना होल्टरबद्दल, म्हणजे अंगावर लावून बराच वेळ ठोके नोंदवणाऱ्या छोट्या यंत्राबद्दल, विचारा.

वॉरफरिन ही रक्त पातळ करणारी जुनी गोळी घेणारे पालेभाज्या सोडतात. उगाचच. अळू, पालक खा, पण प्रमाण सारखं ठेवा. श्रावणात अचानक रोज अळूचं फतफतं सुरू केलं तर आयएनआर (रक्त गोठायला किती वेळ लागतो ते दाखवणारा तपासणीचा आकडा) घसरतो, म्हणजे गोळीचा असर कमी होतो. गुडघेदुखीची गोळी केमिस्टकडून परस्पर आणू नका, रक्तस्राव होऊ शकतो.

विरारहून परळला आयएनआरसाठी खेपा घालून माणूस कंटाळतो, हे मान्य. तरी शेजाऱ्याचं ऐकून नवी, तपासणी न लागणारी गोळी सुरू करू नका. संधिवाताच्या तापाने हृदयाची मिट्रल झडप बरीच अरुंद झाली असेल किंवा कृत्रिम धातूची झडप बसवली असेल, तर वॉरफरिनच लागतं.

घरच्या बीपी मशीनचा आकडा एएफमध्ये दर वेळी वेगळा येतो. तीनदा मोजून सरासरी काढा. नाडी मनगटावर पूर्ण मिनिटभर.

तोंड वाकडं झालं, हात लुळा पडला, बोलणं अडखळलं तर लगेच 108 ला फोन करा. पातळ करणारी कोणती गोळी आणि शेवटची कधी घेतली, हे इस्पितळात आधी सांगा. गुठळी विरघळवणारं इंजेक्शन सहसा साडेचार तासांतच देतात आणि द्यायचं की नाही, हे त्या गोळीवरही ठरतं.